कोर्टाची ऑर्डर हातात आहे पण ऑफिस ऐकत नाही: कंटेम्प्ट करायच्या आधी आणि नंतर काय काय करायचं

कोकणात कोर्टाची ऑर्डर मिळाली की ती आधी फॅमिली ग्रुपवर फिरते, पेढे वाटले जातात, मूळ कागद मुंबईच्या काकांकडे राहतो, आणि गावातला भाऊ झेरॉक्सची झेरॉक्स घेऊन प्रांत ऑफिसला जातो. तिथे सांगतात बघतो, ठेवून जा. मग मुंबईहून निरोप येतो की गणपतीत येतोय तेव्हा सगळे मिळून साहेबांना भेटू. गणपतीत आरत्या-भजनं आणि पाहुण्यांतच दिवस संपतात, की मग शिमग्यात बघू. या 'बघू'मध्ये चांगल्या चांगल्या ऑर्डरी वाया गेलेल्या बघितल्यात म्हणून हे सविस्तर लिहितोय. सातबारा, फेरफार, हायवेचा मोबदला, शिक्षकांचा थकलेला पगार, पेन्शन, घरपट्टी, कुठलाही विषय असो, सरकारी माणसाने कोर्टाचा आदेश पाळला नाही तर कायद्यात कंटेम्प्टचा, म्हणजे कोर्टाच्या अवमानाच्या याचिकेचा, रस्ता आहे, पण तो वेळेत धरावा लागतो.

सगळ्यात आधी वेळेचंच सांगतो. न्यायालयाचा अवमान अधिनियम १९७१ मधलं कलम २० सांगतं की अवमान घडला त्या तारखेपासून एक वर्षानंतर कोर्ट कारवाई सुरू करत नाही, म्हणजे तुमची याचिका त्या एका वर्षाच्या आत दाखल झालेली पाहिजे. हे वर्ष ऑर्डरच्या तारखेपासून मोजत नाहीत, ऑर्डर मोडली गेली त्या दिवसापासून मोजतात. समजा ऑर्डर १० जून २०२५ ची आहे आणि तिच्यात लिहिलंय की प्रत मिळाल्यापासून आठ आठवड्यांत निर्णय घ्या, आणि तुम्ही प्रत दिली १६ जूनला. आठ आठवडे संपतात ११ ऑगस्टला. १२ ऑगस्टपासून आदेश मोडला गेला असं धरायचं आणि वर्ष संपतं ११ ऑगस्ट २०२६ ला. आता २०२६ ची गणेश चतुर्थी आहे १४ सप्टेंबरला. म्हणजे 'पुढच्या गणपतीत बघू' म्हणालात तर महिनाभर उशीर झालेला असेल. मध्ये चार स्मरणपत्रं दिली म्हणून वर्ष वाढत नाही, आणि 'रोजच अवमान चालू आहे' हे म्हणणं कोर्ट सहजासहजी मान्य करत नाही. म्हणून ऑर्डर मिळाली त्याच दिवशी ही शेवटची तारीख कॅलेंडरवर लिहा, गावच्या घरात पण आणि मुंबईच्या घरात पण.

आता ऑर्डर नीट वाचणं. हायकोर्टाची ऑर्डर इंग्रजीत असते, पानंच्या पानं, आणि घरातले लोक मधलाच एखादा परिच्छेद धरून बसतात जिथे जज साहेबांनी ऑफिसला झापलेलं असतं. वाचून बरं वाटतं पण त्याचा उपयोग नाही. महत्त्वाचा असतो शेवटचा भाग, जिथे कोर्ट नेमकं काय करा म्हणतंय ते लिहिलेलं असतं. वकिलांकडून तेवढ्या भागाचं मराठी करून कागदावर लिहून घ्या, लाजायचं काही कारण नाही.

त्यात बघायचं काय तर 'निर्णय घ्यावा' लिहिलंय की 'द्यावे' लिहिलंय. दोन्हीत जमीन-अस्मानाचा फरक आहे. 'अर्जदाराच्या मोबदल्याच्या अर्जावर सुनावणी घेऊन आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा' अशी ऑर्डर असेल आणि प्रांतांनी सुनावणी घेऊन तुमचा अर्ज फेटाळला, तर राग येईल पण तो अवमान नाही, कारण निर्णय घ्या म्हटलं होतं आणि त्यांनी घेतला. तो चुकीचा असेल तर त्याला वेगळं आव्हान द्यायचं. सुप्रीम कोर्टाने १९९६ मध्ये जे. एस. परिहारच्या केसमध्ये हे स्पष्ट केलंय की आदेशानुसार निर्णय झाला की तो बरोबर की चूक ते अवमानाच्या कोर्टात तपासत नाहीत, ते नवीन कारण धरून नवीन याचिकेत बघायचं. उलट 'रक्कम अदा करावी' किंवा 'नाव दाखल करावे' असं थेट लिहिलेलं असेल तर पळवाट फार कमी राहते. माझं तर म्हणणं आहे मूळ केस चालू असतानाच वकिलांना सांगा की फक्त 'निर्णय घ्यावा'वर समाधान मानू नका, निदान मुदत आणि कारणांसह लेखी निर्णय एवढं तरी ऑर्डरमध्ये येऊ दे. मुदतच लिहिलेली नसेल तर वाजवी वेळ धरतात, आणि वाजवी म्हणजे किती यावर वाद होतो, त्यापेक्षा त्याच केसमध्ये छोटा अर्ज करून मुदत घालून घेतलेली चांगली.

अजून एक, सरकारी वकील कोर्टात उभं राहून सांगतात की चार आठवड्यांत काम करू. ते नुसतं म्हणणं म्हणून नोंदवलंय की कोर्टाने हमी म्हणून स्वीकारलंय ते बघा. कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं हा पण कायद्याने अवमानच आहे, अवमान अधिनियमाच्या कलम २(ब) मध्ये तसं लिहिलंय.

यानंतरचं काम म्हणजे ऑर्डर ऑफिसला पोचवणं, आणि माझ्या मते निम्मी केस इथेच जिंकली किंवा हरली जाते. कारण अवमान सिद्ध करायला नुसतं काम झालं नाही एवढं पुरत नाही, ते जाणूनबुजून केलं नाही हे दाखवावं लागतं. आणि जाणूनबुजून म्हणायला त्या माणसाला ऑर्डर माहीत होती हे आधी दाखवायला लागतं. शिक्षा होऊ शकते असं प्रकरण असल्यामुळे शंकेचा फायदा साहेबांना मिळतो.

तर नकलेसाठी अर्ज करून सही-शिक्क्याची नक्कल काढा, एक नाही दोन-तीन. तोपर्यंत वेबसाइटवरची प्रत लावून पत्र दिलं तरी चालतं पण नक्कल आली की परत द्या. पत्राचे दोन सेट करा, एक आवक टेबलला द्यायचा आणि दुसऱ्यावर, म्हणजे आपल्याकडे ठेवायच्या ऑफिस कॉपीवर (ओसीवर), शिक्का, तारीख, आवक नंबर आणि सही घ्यायची. बऱ्याच ठिकाणी सांगतात साहेबांना भेटा, शिक्का कशाला पाहिजे. शांतपणे सांगायचं की साहेबांना भेटतो पण टपाल आवकला घ्या. तरी नाही घेतलं तर भांडत बसू नका, त्याच दिवशी स्पीड पोस्ट करा, ट्रॅकिंगवर डिलिव्हरी दिसते त्याची प्रिंट काढा आणि ऑफिसच्या सरकारी ईमेलवर पण पाठवा. एक प्रत सरकारी वकिलांच्या ऑफिसला.

पत्र लांबलचक लिहू नका, गेल्या वीस वर्षांचा इतिहास त्यात नको. साधारण असं:

'विषय: मा. उच्च न्यायालयाच्या रिट याचिका क्र. ____ मधील दि. ____ रोजीच्या आदेशाचे पालन होणेबाबत.
महोदय, वरील याचिकेत मा. न्यायालयाने परिच्छेद क्र. ____ मध्ये पुढीलप्रमाणे आदेश दिला आहे: (इथे तो भाग जसाच्या तसा). आदेशाची प्रमाणित प्रत सोबत जोडली आहे. त्यानुसार आपल्या कार्यालयाने दि. ____ पर्यंत ____ करणे आवश्यक आहे. केलेल्या कार्यवाहीबाबत लेखी कळवावे. सदर आदेशास वरिष्ठ न्यायालयाने स्थगिती दिली असल्यास त्या आदेशाची प्रत द्यावी.'

शेवटचं वाक्य विसरू नका. कारण पुढे हमखास ऐकायला मिळतं की आम्ही अपिलात गेलोय. अपील दाखल केलं म्हणजे आपोआप स्थगिती मिळत नाही, स्टे मिळाला असेल तर त्याचा कागद असतो, नसेल तर ऑर्डर जिवंत आहे. एवढं मात्र आहे की त्यांचा स्टेचा अर्ज खरोखरच सुनावणीला लागलेला असेल तर अवमानाचं कोर्ट आधी त्याचा निकाल लागू दे म्हणू शकतं, ती तयारी ठेवा.

बाकीची उत्तरं पण ठरलेली असतात. 'वर मार्गदर्शन मागवलंय' म्हणाले तर कुठल्या तारखेच्या पत्राने मागवलं ते लेखी मागा. 'निधी नाही' म्हणाले तर निधीची मागणी कधी केली ते विचारा. आणि 'ते साहेब बदलून गेले, मी नवीन आहे' याला उपाय एकच, नवीन साहेबांच्या नावाने तीच ऑर्डर तेच पत्र परत द्या आणि परत शिक्का घ्या. कंटाळवाणं आहे मान्य, पण अवमान खुर्चीचा नसतो, त्या खुर्चीत बसून ऑर्डर न पाळणाऱ्या माणसाचा असतो, म्हणून प्रत्येक माणसाला कळवल्याचा पुरावा लागतो.

यासोबत माहिती अधिकारात एक अर्ज टाका, दहा रुपयांचं काम आहे. मागायचं काय तर ऑर्डरची प्रत मिळाल्यापासून आजपर्यंत त्या फाइलवर झालेल्या सगळ्या टिपण्या आणि पत्रव्यवहाराच्या प्रती. टिपणीत कधी कधी सरळ लिहिलेलं असतं की मा. उच्च न्यायालयाचा आदेश प्राप्त, आदेशार्थ सादर, आणि त्याखाली साहेबांची सही नि तारीख, आणि त्यानंतर कोरं पान. असं पान हातात आलं की ऑर्डर माहीत नव्हती म्हणायची सोय राहत नाही. उत्तराची मुदत ३० दिवसांची आहे, म्हणून हा अर्ज वर्ष संपत आल्यावर नाही, सुरुवातीलाच टाकायचा.

एवढं करून मुदत संपली की वकिलामार्फत एक नोटीस द्या. कायद्याने ती सक्तीची नाही, पण पुष्कळदा तेवढ्यानेच फाइल हलते. कारण तोपर्यंत पत्र ऑफिसच्या नावाने असतं आणि इथे पहिल्यांदा अधिकाऱ्याचं स्वतःचं नाव लिहून येतं.

आता एक गोष्ट तपासून घ्या, ऑर्डर नक्की कोणत्या कोर्टाची आहे, कारण रस्ता त्यावर ठरतो. वर लिहिलं ते हायकोर्टाच्या ऑर्डरचं, हायकोर्टाला घटनेच्या कलम २१५ ने स्वतःच्या अवमानाची शिक्षा द्यायचा अधिकार आहे. पण तालुक्याच्या दिवाणी कोर्टाने मनाई दिली असेल, समजा तुमच्या आगरातून (बागेतून) पाखाडी (पायवाट) काढू नका किंवा गडगा (दगडी कुंपण) पाडू नका अशी, आणि तरी ग्रामपंचायतीने जेसीबी घातला, तर धावत हायकोर्टात जायची गरज नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश ३९ नियम २अ आहे, त्याच कोर्टात अर्ज करायचा, कोर्ट मालमत्ता जप्त करू शकतं आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवू शकतं. ही तात्पुरत्या मनाईची गोष्ट झाली. दावा संपून हुकूमनामा (अंतिम निकाल) झाला असेल तर दरखास्त, म्हणजे त्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, करायची, तिला साधारणपणे बारा वर्षांची मुदत आहे, पण 'अमुक बांधकाम काढून टाका' अशा करायला लावणाऱ्या हुकूमनाम्याला तीनच वर्षं आहेत, इथे फार लोक फसतात. सरकारविरुद्धचा हुकूमनामा असेल तर त्याच संहितेच्या कलम ८२ प्रमाणे तीन महिने थांबावं लागतं, त्यानंतरच दरखास्त.

सरकारी नोकरांना मॅटची, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाची, ऑर्डर असेल तर मॅटला अवमानाचे स्वतःचे अधिकार आहेत, प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम १९८५ च्या कलम १७ मध्ये, तिथेच जायचं. ग्राहक आयोगाची असेल तर २०१९ च्या कायद्याचं कलम ७२, त्यात तर एक महिना ते तीन वर्षं कैद आहे. आणि प्रांत किंवा कलेक्टरने अपिलात दिलेला निकाल तहसीलदार पाळत नसतील तर त्याला 'कोर्टाचा अवमान' म्हणून हायकोर्टात जाऊ नका, ती महसुली ऑर्डर आहे. तिच्या अंमलबजावणीसाठी आधी वरच्या महसूल अधिकाऱ्याकडे अर्ज आणि तरी नाही झालं तर रिट याचिका करून हायकोर्टाकडून काम करा असा आदेश घ्यायचा. मग तो मोडला तर अवमान.

नुसते पैसे वसूल करायचे असतील तर कोर्ट बहुतेक वेळा दरखास्तीकडेच बोट दाखवतं. दरखास्तीची सोय आहे म्हणून अवमान होतच नाही असं नाही, पण वसुलीचं हत्यार म्हणून तो वापरलेला कोर्टाला आवडत नाही.

याचिका कुठे करायची, तर १८ ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं सर्किट बेंच कोल्हापूरला सुरू झालंय आणि रत्नागिरी-सिंधुदुर्ग त्याच्याकडे आहेत. आपल्यासाठी ही केवढी मोठी गोष्ट आहे! राजापूर-कणकवलीच्या माणसाला एका तारखेसाठी रात्रीची गाडी पकडून मुंबई गाठायला लागायची, आता घाट चढून कोल्हापूरला जाऊन संध्याकाळी घरी येता येतं. रायगड, ठाणे, पालघर मात्र मुंबईलाच. मूळ ऑर्डर आधीची आणि मुंबईची असेल तर दाखल कुठे करायचं ते वकिलांना पहिल्याच भेटीत विचारा, त्यात दिवस घालवू नका.

याचिकेत अधिकाऱ्याचं नाव आणि हुद्दा दोन्ही लिहायचं, नुसतं 'प्रांत अधिकारी' किंवा 'महाराष्ट्र शासन' लिहून जमत नाही. मुदत संपली त्या काळात खुर्चीत कोण होतं ते नीट काढा, ऑफिसातल्या फलकावर कोणाचा कार्यकाळ कधी ते लिहिलेलं असतं. वैयक्तिक राग म्हणून पाच-सहा जणांची नावं घुसडू नका, ज्याच्या हातात ते काम होतं त्याचंच घाला, उगाच कलेक्टरपासून क्लार्कपर्यंत सगळ्यांना ओढलं की कोर्टाचा विश्वास उडतो. सोबत ऑर्डरची नक्कल, शिक्क्याचे ओसी, पोस्टाची प्रिंट, माहिती अधिकाराची उत्तरं, वकिलांची नोटीस आणि एका पानावर तारखांचा तक्ता. तो तक्ता तुम्ही स्वतः करा, वकिलांवर सोडू नका. आदेश न पाळण्याच्या अशा दिवाणी अवमानाला महाधिवक्त्यांची (राज्याच्या मुख्य सरकारी वकिलांची) संमती लागत नाही, ती कोर्टाची बदनामी वगैरे फौजदारी अवमानाला लागते, कोणी तसं सांगून थांबवत असेल तर थांबू नका.

खर्चाची अडचण असेल तर जिल्हा कोर्टातल्या विधी सेवा प्राधिकरणात जा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळायचा हक्क आहे, हेल्पलाइन १५१००. आपल्याकडे कितीतरी घरांत म्हाताऱ्या बाया एकट्या कागद सांभाळत बसल्यात, त्यांना हे कोणी सांगतच नाही, तुम्ही सांगा.

दाखल झाल्यावर काय होतं ते आधी माहीत असलं की निराशा होत नाही. पहिल्याच तारखेला साहेबांना पिंजऱ्यात उभं करतील असं धरून जाऊ नका. ३ जानेवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टाने अधिकाऱ्यांना कोर्टात बोलावण्याबद्दल नियमावली घालून दिलीय, ऊठसूट बोलावू नये आणि गरज पडली तर आधी व्हिडिओ कॉन्फरन्सने बोलावावं अशी. साधारणपणे आधी नोटीस निघते, मग ऑफिसकडून शपथपत्र येतं, आणि खूप वेळा तारखेच्या दोन दिवस आधी ऑर्डरचं पालन होऊन जातं. हे चांगलंच आहे, आपल्याला काम व्हायला हवं होतं.

शिक्षा किती, तर सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही, आणि मनापासून माफी मागितली तर कोर्ट सोडू शकतं. लोक म्हणतात मग घाबरणार कोण. पण घाबरतात, कारण झालंय तसं. २००६ मध्ये सुप्रीम कोर्टाने आपल्याच राज्याचे वनमंत्री राहिलेले स्वरूपसिंग नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना एकेक महिन्याची कैद दिली, कोर्टाचा आदेश असताना सॉ मिलना परवानगी दिली म्हणून. मे २०२५ मध्ये आंध्रच्या एका उपजिल्हाधिकाऱ्याने हायकोर्टाचा आदेश डावलून झोपड्या पाडल्या होत्या, त्याला सुप्रीम कोर्टाने खाली उतरवून परत तहसीलदार केलं आणि वर एक लाख दंड. वकिलांना सांगून अशा निकालांच्या प्रती नोटिशीला जोडल्या तर त्या वाचल्या जातात.

अवमानाचं कोर्ट मूळ ऑर्डरच्या बाहेर जात नाही हे मात्र लक्षात ठेवा. ऑर्डरमध्ये व्याज लिहिलेलं नसेल तर इथे व्याज मिळणार नाही. घर पाडल्याच्या प्रकरणात पण निकालात जेवढं आहे तेवढंच. १३ नोव्हेंबर २०२४ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालात १५ दिवसांची नोटीस दिल्याशिवाय पाडू नका आणि मोडलं तर अवमान असं आहे, पण रस्ता, फुटपाथ, नदी-नाल्याची जागा अशा सार्वजनिक जागेवरच्या अनधिकृत बांधकामाला आणि कोर्टानेच पाडा म्हटलेल्या बांधकामाला ते संरक्षण नाही. किनाऱ्यावर सीआरझेडची (किनारपट्टीवरच्या बांधकामाच्या नियमांची) भानगड असलेल्यांनी ते आधी वाचून घ्या.

केस चालू असताना साहेबांबद्दल किंवा जज साहेबांबद्दल ग्रुपवर शिव्या, पैसे खाल्ल्याचे आरोप असलं काही टाकू नका. निकालावर सभ्य टीका करायला कायद्याची हरकत नाही, अवमान अधिनियमाचं कलम ५ तेच सांगतं, पण न्यायाधीशांवर चिखलफेक केली तर फौजदारी अवमान तुमच्यावरच यायचा.

आणि पालन झालं असं शपथपत्र आलं की लगेच मान हलवू नका. मोबदला जमा केला म्हणतात तर बँकेचं पासबुक भरून बघा, सगळ्या हिस्सेदारांचा आलाय का बघा. फेरफार मंजूर म्हणतात तर डिजिटल सातबारा काढून सगळी नावं, सगळे गट नंबर एकेक करून तपासा. एखादा गट राहिला असेल तर त्याच तारखेला वकिलांकरवी कोर्टाला सांगा, याचिका निकाली निघाल्यावर तीच गोष्ट परत उभी करणं फार जड जातं. अर्धवट पालन असेल तर उरलेल्या भागाला मुदत घालून मागा आणि तोपर्यंत याचिका प्रलंबित ठेवा. आणि पालनाच्या नावाखाली नवीन चुकीचा आदेश काढला असेल तर त्याला वेगळं आव्हान द्यायची मुभा राखून ठेवल्याचं ऑर्डरमध्ये लिहून घ्या.